सुटे भाग

"छान. छान निरीक्षण आहे काकांचं," असं म्हणून सर फळ्याकडे वळले. एवढंच झालं. कुणी कुणाला टाकून बोललं नाही, कुणाचा आवाज चढला नाही. पण तो 'छान' जानेवारीपासून माझ्या डोक्यात बसलाय, दाढेत सुपारीचं खांड अडकावं तसा. जीभ सारखी तिथंच जाते.

दर शनिवारी संध्याकाळी साडेसहाला परळमधल्या एका जुन्या वाचनालयाच्या वरच्या मजल्यावर तत्त्वज्ञानाचा वर्ग भरतो. फी नाही, परीक्षा नाही, सर्टिफिकेट नाही. दाराशी नाव लिहायला एक वही असते आणि सुतळीनं बांधलेलं पेन, जे मी जायला लागल्यापासून एकदाही उठलेलं नाही. लोखंडी घडीच्या खुर्च्या, भिंतीवर देणगीदारांच्या नावांची संगमरवरी पाटी, आणि डोक्यावर एक पंखा, जो दर फेरीला 'खट्' करतो. कपाटांतून खाकी कव्हरातली पुस्तकं, त्यांचा डिंकाचा आणि डांबरगोळ्यांचा वास. सर पंचाहत्तरीचे, कॉलेजातून निवृत्त झालेले, अंबरनाथहून लोकलनं येतात. येताना खडूही स्वतःचेच आणतात. आम्ही पंधरा-वीस जण. दोन निवृत्त शिक्षिका, बँकेतले एक साहेब जे प्रत्येक प्रश्नाआधी पाच मिनिटं प्रस्तावना करतात, स्पर्धापरीक्षेची तीन मुलं, एक नर्स जी ड्यूटीवरून थेट येते आणि कधीकधी शेवटच्या रांगेत चक्क झोपते, मी, आणि ते काका.

त्या शनिवारी मिलिंदाचा रथ होता. ग्रीक वंशाचा राजा मिलिंद आणि भिक्खू नागसेन यांचा पाली ग्रंथातला संवाद. राजा नाव विचारतो, भिक्खू म्हणतो, लोक मला नागसेन म्हणतात खरे, पण ते नुसतं नाव आहे, या नावाचा असा कुणी आत सापडत नाही. राजाला ते पटत नाही. मग भिक्खू विचारतो, महाराज, आपण आलात कसे? रथातून. मग दांडा म्हणजे रथ का? नाही. आस? नाही. चाकं? जू? लगाम? नाही, नाही, नाही. हे सगळं सोडून आणखी काही आहे, तो रथ का? तेही नाही. म्हणजे रथ हे या सगळ्यांमुळे पडलेलं एक नाव, बोलण्याची सोय. तसाच नागसेन. सर हे फार रंगून सांगतात. दांडा म्हणताना हातानं दांडा धरतात, लगाम म्हणताना ओढतात.

मागून आवाज आला, "सर, असं कसं? मी साचे जोडलेत."

गिरणगावात वाढलेल्याला सांगायला नको, पण हल्ली परळमध्येही सांगावं लागतं, की साचा म्हणजे माग. काका उभे राहिले. अंगात अर्ध्या बाह्यांचा शर्ट, खिशात दोन पेनं आणि एक बारीक स्क्रूड्रायव्हर. ते म्हणाले, "सगळे भाग जमिनीवर मांडले, बीम, फणी, धोटा, तर तो साचा नव्हे, कबूल. पण जोडल्यावर एका टोकाला धरून ओढला तर अख्खा सरकतो सर. नुसतं नावच असतं तर हातात तेवढाच तुकडा आला असता, बाकीचं तिथंच राहिलं असतं." मग जरा थांबून, "आणि आवाज. सुट्या भागांचा तो आवाज नसतो."

आणि सर म्हणाले, छान.

सरांवर बोट ठेवायचं तर आधी माझं सांगते. मीही हसले. पाहुण्यांसमोर लहान मुलानं कविता म्हणून दाखवली की आपण हसतो ना, तसं. कौतुक होतं त्यात, आणि कौतुकाच्या आड 'आता बस हां' हेही होतं. काका बसले. पुढचे दोन शनिवार ते आले नाहीत.

वर्गाला जायला लागले तेव्हा आईनं विचारलं होतं, "फुकट? मग शेवटी विकतात काय?" तिचा प्रश्न रास्त होता. मुंबईत फुकट म्हटलं की आपण पाकीट चाचपतो. फुकट जेवणाचं कुपन घेऊन एकदा आम्ही सहकुटुंब एका हॉटेलात गेलो होतो, तिथं तीन तास कुठल्याशा रिसॉर्टची वर्गणी गळ्यात मारायचा प्रयत्न चालला होता आणि शेवटी मिळालं ते थंडगार पनीर. शिबिरांचंही तेच, पहिली पायरी फुकट, पुढच्या पायऱ्यांना दरपत्रक. सरांनाही हे माहीत असावं. पहिल्याच दिवशी ते म्हणाले होते, "मला काहीही विकायचं नाही. आश्रम नाही, पुस्तक नाही, उमेदवारही नाही." तरी तिसऱ्या आठवड्यापर्यंत बँकवाल्या साहेबांचा विश्वास बसला नव्हता. सॉक्रेटिसलाही कोर्टात हे सांगावं लागलं होतंच. प्रोटागोरससारखे सोफिस्ट चांगली फी घेऊन शिकवत, मी कुणाकडून दमडी घेतली नाही, आणि याला माझ्याकडे साक्षीदार आहे, माझी गरिबी. हे वाचताना मला दर वेळी त्याच्या बायकोची आठवण येते. तिला कुणी साक्षीला बोलावलं नाही.

मी स्वतः तत्त्वज्ञान शिकले ते फी भरून. कुठल्या कॉलेजात ते असू दे. टी. वाय. ला आम्ही सहा मुली, त्यातल्या चौघींना दुसरा विषय मिळाला नव्हता म्हणून आलेल्या. मॅडम इंग्रजीत नोट्स सांगायच्या, आम्ही उतरवायचो, कॉमा आला की त्या 'कॉमा' म्हणायच्या. मिलिंदाचा रथ तिथंही होता. टीप लिहा, अनात्मवाद, पाच गुण. मला चार मिळाले होते. त्या वर्षभरात कुणी उठून "असं कसं?" म्हणाल्याचं आठवत नाही. म्हणण्याची जागाच नव्हती, कॉमा आणि पूर्णविरामाच्या मधे कुठे घुसणार. घरी कुणी विचारलं तत्त्वज्ञान म्हणजे काय गं, तर मला मराठीत चार वाक्यं धड बोलता यायची नाहीत. वाडेकरांनी संपादन केलेला तत्त्वज्ञानाचा मराठी महाकोश १९७४ मध्येच निघालेला होता, तीन खंड. या वाचनालयाच्या कपाटात तो आहे हे मला पदवी मिळाल्यानंतर वीस वर्षांनी कळलं. आतल्या स्लिपवर तारखांचे शिक्के मोजले. अकरा.

पण विचार करायला पदवी लागते असं या शहरानं तरी कधी मानलं नव्हतं. ना. म. जोशींनी १९११ मध्ये सोशल सर्व्हिस लीग काढली आणि कामगारांसाठी रात्रीच्या शाळा नि वाचनालयं सुरू केली. गिरणगावात युनियनवाल्यांचे अभ्यासवर्ग चालायचे, पाळी सुटल्यावर, चाळीच्या खोलीत, बारा माणसं एका कंदिलाभोवती असं आजोबा सांगायचे. आजोबा गिरणीत नव्हते, त्यांचं किराणाचं दुकान होतं, पण उधारीच्या वहीइतकेच ते त्या चर्चांत रस घ्यायचे. खेतवाडीत तर एक विडीचं दुकान चालवणारा माणूस घराच्या माळ्यावर बसून रोज येईल त्याच्याशी 'मी' म्हणजे कोण यावर वाद घालत असे, अस्सल मराठीत, आणि युरोप-अमेरिकेतून आलेले लोक खाली मान घालून दुभाष्याकडून ते ऐकत. हे निसर्गदत्त महाराज, १९८१ मध्ये गेले. त्यांचा अद्वैत मला पेलत नाही, खरं सांगायचं तर मला त्यातलं अर्धंअधिक पटतही नाही. पण ते समोरच्याला 'छान' म्हणून सोडत नसत. प्रश्न उलटा फेकत, प्रसंगी ओरडत. आणि सहा डिसेंबरला शिवाजी पार्कला जाऊन बघावं. रांगेत दोन-दोन दिवस प्रवास करून आलेली माणसं, पायांना भेगा, डोक्यावर बोचकं, आणि परतताना पिशवीत पुस्तकं. माझ्याकडचं मिलिंदाच्या प्रश्नांचं मराठी भाषांतर तिथल्याच एका स्टॉलवरचं आहे. विकणाऱ्या मुलानं सुटे नसल्यामुळे दहा रुपये सोडले आणि वर म्हणाला, "वाचा पण ताई, ठेवून नका देऊ." मी ठेवून दिलं होतं.

'छान' नंतर ते काढलं. त्यात एक जागा सापडली जी कॉलेजात कुणी सांगितली नव्हती, कारण तिच्यावर प्रश्न येत नाही. राजा म्हणतो, भन्ते, माझ्याशी चर्चा कराल का? नागसेन म्हणतो, पंडितांसारखं बोलणार असाल तर करीन, राजांसारखं बोलणार असाल तर नाही. फरक काय? पंडितांच्या वादात एक गाठ मारतो, दुसरा सोडवतो, एक पकडतो, दुसरा निसटतो, चूक दाखवली तरी कुणी रागावत नाही. राजे एक बाजू धरतात आणि जो विरोध करेल त्याला शिक्षा फर्मावतात. हे वाचून मी पुस्तक मिटलं. आमच्या वर्गात शिक्षा कुणी फर्मावली नव्हती. पण गाठ तरी कुणी सोडवली? काकांनी पकडलं होतं, आणि आम्ही निसटलोही नाही, नुसत्या टाळ्या वाजवल्या.

त्याच रात्री दुसरी गोष्ट झाली. काकांचं ते 'धरून ओढला तर अख्खा येतो' मला ओळखीचं वाटत होतं. मराठी विश्वकोश आता नेटवर फुकट वाचता येतो, स्टॅनफर्डचा इंग्रजी तत्त्वज्ञानकोश तर १९९५ पासून तसाच उघडा आहे, कुणीही यावं. दीड वाजेपर्यंत मोबाइलवर डोळे फोडले. शेवटी सापडलं, न्यायसूत्रांत, म्हणजे न्यायदर्शनाच्या गौतम मुनींच्या मूळ ग्रंथात, दुसऱ्या अध्यायात. 'धारणाकर्षणोपपत्तेश्च.' अवयवांपासून, म्हणजे भागांपासून, वेगळा असा अवयवी, म्हणजे अख्खी वस्तू, असतो की नाही, हा नैयायिक, म्हणजे न्यायदर्शनवाले, आणि बौद्ध यांच्यात शतकानुशतकं चाललेला वाद. नैयायिक म्हणतात, असतो, आणि त्याचं एक कारण हे की एक भाग धरला तर सगळं धरलं जातं, एक भाग ओढला तर सगळं ओढलं जातं. धारण आणि आकर्षण. म्हणजे साच्याच्या टोकाला हात घालून काका गौतमाच्या सूत्रापर्यंत पोचले होते आणि आम्ही त्यांना खाली बसवलं होतं. स्वयंपाकघरात फ्रीज थरथरत बंद झाला. मला एकटीलाच इतकी लाज वाटली की उठून दिवा लावला.

पुढच्या शनिवारी वर्ग सुटल्यावर मी सरांना गाठलं. ते पायऱ्या उतरत होते, एका हातात कठडा, एका हातात कापडी पिशवी. मी जरा तोऱ्यातच विचारलं, सर, त्या दिवशी काकांनी धारणाकर्षणाचा मुद्दा काढला होता, तुम्ही तो सोडून का दिलात?

"कोणी? कधी?"

मी सांगितलं. सर पायरीवरच थांबले. "अहो, मला ऐकूच आलं नाही. तो पंखा. आणि हा कान गेलाय माझा, डावा." मग ओशाळून म्हणाले, "मला नाही ऐकू आलं की मी छान म्हणतो. किती वेळा विचारायचं लोकांना परत परत."

म्हणजे पंधरा-वीस माणसांत राजा कुणीच नव्हता. एक बहिरा पंडित होता, आणि बाकी आम्ही ऐकू येणारे. ऐकून हसलेले.

सर मात्र तिथंच खुलले. "धारणाकर्षण! साचा ओढून! अहो, त्यांना बोलवा ना. त्यांना म्हणावं, न्यायसूत्रांवरच्या वात्स्यायनाच्या भाष्यातच याच्यावर शंका आहे. गवत, दगड, लाकूड लाखेनं चिकटवलं तरी एक ओढल्यावर सगळं येतंच की, मग तिथं काय नवा अवयवी जन्मला? ओढलं जाणं हे चिकटून असण्यामुळे, एक असण्यामुळे नव्हे. हे विचारा त्यांना." लिहून देतो म्हणाले, पिशवीत कागद शोधला, मिळाला नाही, तेव्हा लोकलच्या जुन्या तिकिटामागे 'लाख' एवढंच लिहून माझ्या हातात दिलं. अंबरनाथ लोकल पकडायची म्हणून निघालेला हा माणूस आठ वाजून गेले तरी जिन्यात उभा होता. या वर्गाचे पैसे कोण देतं याचा मी अनेकदा विचार केलाय. वाचनालय हॉलचं भाडं घेत नाही, चहाला आम्ही वर्गणी काढतो. उरलेलं असं जिन्यात वसूल होत असावं.

काकांना शोधायला मार्च उजाडला. नाव वहीत असायला हवं होतं, पण पेन उठत नाही हे सांगितलंच. शेवटी वाचनालयाच्या शिपायानं सांगितलं, करी रोडच्या पुलाकडे जाताना डावीकडच्या गल्लीत शिलाई मशिनी दुरुस्त करतात ते. माझं ऑफिस तिथून दहा मिनिटांवर, एका टॉवरच्या एकोणिसाव्या मजल्यावर. खाली लॉबीत शोभेला म्हणून जुनी दोन दातेरी चाकं रंगवून ठेवली आहेत, कसली आहेत हे मी आजवर कुणाला विचारलं नाही.

दुकान म्हणजे जिन्याखालची खोबण. काकांनी एक काळं पायमशीन आडवं पाडलं होतं. बॉबिन केस काढून तिच्यातला सुताचा गुंता सुईनं उकरत होते. आत साठलेला तेलकट करडा कापूस चिमटीत धरून त्यांनी वर्तमानपत्रावर ठेवला, इतका हळू, जणू तोही परत लावायचा आहे. मी ओळख दिली. "बसा ताई," म्हणत स्टूल पुढं केलं. संपाच्या आधी सहा वर्षं ते गिरणीच्या साचेखात्यात जॉबरच्या, म्हणजे मुकादमाच्या, हाताखाली होते. ब्याऐंशीत संप झाला, गावी गेले, दोन वर्षांनी परत आले तेव्हा गिरणीनं घेतलं नाही, तेव्हापासून हे. एवढं त्यांनी दोन वाक्यांत सांगितलं. मी आणखी विचारलं असतं, पण त्यांना त्यात रस दिसला नाही.

मी सूत्र सांगितलं. तुम्ही म्हणालात तेच, दीड हजार वर्षांहून जुनं आहे, म्हटलं. माझी अपेक्षा होती की त्यांचा चेहरा उजळेल. त्यांनी बॉबिन केस फुंकली, उजेडाकडे धरून बघितली आणि विचारलं, "मग समोरचे काय म्हणाले?"

मी पर्समधून तिकीट काढलं. लाख. गवत, दगड, लाकूड. त्यांनी मशीन उभं केलं, पट्टा चढवला, चाकाला हातानं एक हलका फेर दिला. कान खाली नेऊन ऐकलं. तेलाच्या कुपीतून एक थेंब सोडला, पुन्हा फिरवलं. आवाज बदलला, मलासुद्धा कळलं.

"लाखेनं चिकटवलेलं ओढलं जाईल ताई," ते म्हणाले. "शिवेल का?"

मी म्हटलं, हे शनिवारी सरांना सांगा ना. उजव्या बाजूला बसा फक्त, आणि जरा मोठ्यानं. ते हसले. "शनिवारी कशाला आता. नातवाची दहावी होती. घरात एक खोली, एक पंखा, तो अभ्यासाला बसला की मी बाहेर. परवा शेवटचा पेपर झाला." मग मला वाईट वाटू नये म्हणून असेल, पुढं म्हणाले, "बारावीला येईन परत."

चहा घेतला, निघाले. पूल चढताना गर्दीत कुणाची तरी बॅग पाठीत घुसत होती, खालून कल्याण लोकल जात होती, आणि अर्ध्या पायऱ्यांवर एकदम सुचलं. मशीन शिवतं म्हणायचं, पण शिवते ती सुई, तीही दोऱ्याशिवाय नाही, दोरा बॉबिनशिवाय नाही, आणि पाय मारणारं कुणी नसेल तर काहीच नाही. मग हे 'मशीन' शिवण्यात नेमकं कुठे आलं? नागसेन सोडणार नाही हे. मी तशीच मागं फिरले, चढणाऱ्या माणसांच्या शिव्या खात. गल्लीत पोचले तेव्हा शटर अर्धं खाली आलं होतं, आत दिवा होता, आणि त्या पायमशीनचा एकसारखा आवाज येत होता. बहुधा चालवून बघत असावेत.

मी वाकले आणि शटरखालून म्हटलं, "काका, शिवते ती सुई!"

आतला आवाज थांबला.